उंबरठ्यावरचा पुरावा : फेटाळलेल्या फिर्यादींच्या पुनरीक्षणाविषयी प्रस्तावना

फौजदारी न्यायाविषयी आपल्या भाषेत जे लेखन होते ते बहुतांशी खटल्याच्या शेवटाविषयी होते. शिक्षा, निर्दोष सुटका, अपील, माफीचा अर्ज, यांवर वाचकांचे लक्ष सहज जडते, आणि ते स्वाभाविकही आहे. परंतु ज्या फिर्यादीला खटल्याचे रूप कधी आलेच नाही, जिच्यातील आरोपीला समन्ससुद्धा निघाले नाही, जी शपथेवरील एक जबाब आणि दोन-तीन साक्षी एवढ्याच सामग्रीवर 'पुरावा विश्वासार्ह वाटत नाही' अशा शेऱ्यानिशी निकालात निघाली, तिचे पुढे काय होते, वरिष्ठ न्यायालय तिच्याकडे कोणत्या दृष्टीने पाहते आणि कोणत्या दृष्टीने पाहणे त्याचे कर्तव्य आहे, हा प्रश्न ज्याच्या घरात तशी फिर्याद झाली आहे त्याच्याखेरीज सहसा कोणी विचारीत नाही. प्रस्तुत ग्रंथाचा विषय तो आहे. तालुक्याच्या कोर्टात वकिली करणारा तरुण आणि आपली फिर्याद का गेली हे समजून घेऊ इच्छिणारा सामान्य माणूस, या दोघांना समोर ठेवून तो लिहिला आहे.

विषयाची कायदेशीर चौकट थोडक्यात सांगतो, कारण पुढील सर्व विवेचन तिच्यावर उभे आहे. पोलिसांकडे न जाता, किंवा पोलिसांनी दाद न दिल्यामुळे, जो मनुष्य थेट मॅजिस्ट्रेटपुढे फिर्याद घेऊन जातो त्याचा जबाब मॅजिस्ट्रेटने शपथेवर घ्यावा, हजर असतील ते साक्षीदार तपासावेत, जरूर वाटल्यास समन्स काढणे तहकूब ठेवून स्वतः चौकशी करावी किंवा पोलिसांकडून करवावी, आणि एवढे झाल्यावर पुढे जाण्यास पुरेसे कारण दिसत नसेल तर थोडक्यात कारणे नमूद करून फिर्याद काढून टाकावी, अशी ही व्यवस्था आहे. 1898 च्या संहितेत ती होती, 1974 च्या एप्रिलपासून अमलात आलेल्या 1973 च्या संहितेत कलमे 200 ते 203 यांत ती राहिली, आणि 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत एका महत्त्वाच्या बदलासह ती कलमे 223 ते 226 यांत आली आहे. त्या बदलाविषयी पुढे लिहीन. फिर्याद काढून टाकल्याच्या हुकुमाविरुद्ध अपील नाही. सत्र न्यायालयाकडे किंवा उच्च न्यायालयाकडे पुनरीक्षणाचा अर्ज करता येतो, ज्याला कोर्टाच्या व्हरांड्यात सगळे 'रिव्हिजन' म्हणतात, आणि त्याची मुदत 90 दिवसांची आहे. एकदा एका दारी गेल्यावर त्याच माणसाला दुसऱ्या दारी तोच अर्ज पुन्हा नेता येत नाही. म्हणून पहिला अर्ज काळजीपूर्वक लिहिला गेला पाहिजे.

आता एक नमुनेदार फिर्याद डोळ्यांपुढे आणू. ती कोणा एकाची नव्हे. महाराष्ट्रातील कोणत्याही तालुक्याच्या कोर्टात तिच्यासारख्या फिर्यादी रोज दाखल होतात. दोन भावकीतील घरे, मधे सामायिक बांध. नांगरटीच्या वेळी बांध कोरल्यावरून शब्दाला शब्द लागतो, एकाच्या पाठीवर काठी बसते, शिवीगाळ होते, 'पुन्हा रानात दिसलास तर बघून घेतो' अशी धमकी दिली जाते. जखमी माणूस ठाण्यात जातो. ठाणे अंमलदार अदखलपात्र म्हणून नोंद करतो, हातात एन. सी.ची पावती देतो आणि कोर्टात दाद मागण्याची समज देतो. मग जुन्या दंडसंहितेतील 323, 504 आणि 506 ही कलमे, जी ग्रामीण वकिलाच्या जिभेवर एका दमात येत असत आणि आज नव्या न्यायसंहितेतील 115, 352 व 351 या आकड्यांनी ओळखावी लागतात, ती लावून खाजगी फिर्याद दाखल होते. फिर्यादीचा जबाब होतो. घटनेच्या वेळी रानात असलेला त्याचा सख्खा भाऊ आणि शेजारच्या वस्तीवरील एक मजूर, असे दोघे साक्ष देतात. ग्रामीण रुग्णालयाच्या दाखल्यावर पाठीवरील वळाची नोंद असते, पण तपासणीची वेळ फिर्यादीने सांगितलेल्या वेळेशी तासा-दीड तासाने जुळत नाही. मॅजिस्ट्रेट पोलिसांकडून अहवाल मागवतात. हवालदार दोन्ही बाजूंचे जबाब घेऊन लिहितो, की उभयतांत जुना वाद असून तक्रारीत तथ्य आढळून आले नाही. आणि नंतरच्या एखाद्या तारखेस पाच-सहा ओळींचा हुकूम होतो : फिर्याद, जबाब व अहवाल पाहिला, साक्षीदार नातलग असून विश्वासार्ह नाहीत, वैद्यकीय दाखला फिर्यादीच्या कथनाशी सुसंगत नाही, पुढे जाण्यास पुरेसे कारण नाही, फिर्याद काढून टाकण्यात येते.

हा हुकूम चूक आहे असे मी म्हणत नाही. कदाचित ती फिर्याद खरोखरच खोटी असेल. बांधाच्या वादात खोट्या फिर्यादी होतात हे कोणीही प्रामाणिक वकील नाकारणार नाही. माझे म्हणणे एवढेच, की या पाच-सहा ओळींवरून ती खोटी आहे की केवळ शंकास्पद आहे हे वरिष्ठ न्यायालयाला कळू शकत नाही. आणि या दोहोंतील अंतर हाच पुनरीक्षणाचा खरा विषय आहे. खोट्या फिर्यादीला उंबरठ्यावरच अडवण्यासाठी कायद्याने मॅजिस्ट्रेटच्या हाती अधिकार दिला आहे. शंकास्पद फिर्यादीसाठी खटला आहे, उलटतपासणी आहे, बचावाचा पुरावा आहे, आणि शेवटी संशयाचा फायदा आरोपीला देण्याचे तत्त्व आहे. ज्या संशयाचा फायदा आरोपीला खटल्याच्या अखेरीस मिळावयाचा, तो खटल्यापूर्वीच देऊन टाकला, तर फिर्यादीला आपला साक्षीदार कसाला लावून दाखवण्याची संधीच उरत नाही.

हुकुमातील कारणे एकेक करून तपासू. साक्षीदार नातलग आहे, हे कारण आपल्या कनिष्ठ न्यायालयांच्या निकालपत्रांत इतक्या वेळा येते की ते कायद्यातच लिहिलेले असावे असा नवख्याचा समज व्हावा. वस्तुतः 1953 सालीच सर्वोच्च न्यायालयाने, आणि तेही पूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश राहिलेल्या न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांच्या लेखणीतून, स्पष्ट केले होते की केवळ नाते हे अविश्वासाचे कारण होऊ शकत नाही. ज्याच्या घरच्या माणसावर हल्ला झाला तो खऱ्या गुन्हेगाराला सोडून निरपराध्याला गोवण्यास सहसा तयार होणार नाही. वैरापोटी एखादे जादा नाव गोवले जाण्याचा संभव असतो खरा, परंतु तो त्या त्या प्रकरणाच्या वस्तुस्थितीवरून दाखवावा लागतो. आणि आमच्या नमुन्यातील रानात, नांगरटीच्या वेळी, भाऊ नसेल तर असणार कोण? शिवाय तो वस्तीवरचा मजूर कोणाचाच नातलग नव्हता, त्याच्या साक्षीचे काय झाले हे हुकुमात कोठेच नाही. नमूद पुराव्यातील एका साक्षीदाराचा विचारच झालेला नसणे ही हुकुमातील मूलगामी उणीव आहे, आणि पुनरीक्षणात सर्वप्रथम हात घालावयाचा तो येथे.

दुसरे कारण विसंगतीचे. 1957 साली सर्वोच्च न्यायालयाने एकाच साक्षीदाराच्या पुराव्यावर शिक्षा देता येते काय या प्रश्नाचा निर्णय करताना साक्षीदारांचे तीन वर्ग सांगितले : पूर्णपणे विश्वसनीय, पूर्णपणे अविश्वसनीय, आणि यांपैकी दोन्ही नव्हे असा. पहिल्या दोहोंबाबत न्यायालयाला अडचण पडत नाही. तिसऱ्याच्या कथनाला अन्य पुराव्याचा आधार शोधावा लागतो. हा निर्णय खटल्याच्या शेवटी करावयाच्या मूल्यमापनाविषयीचा आहे हे खरे, तथापि माझ्या मते उंबरठ्यावरील चौकशीलाही तो फार उपकारक आहे. फिर्याद फेटाळण्यास पात्र होते ती साक्षीदार दुसऱ्या वर्गातील असला तर. तिसऱ्या वर्गातील असला तर नव्हे, कारण त्याला मिळणारा आधार पुढे यावयाचा असतो. आणि अनुभव असा, की हाडामांसाचे बहुतेक साक्षीदार तिसऱ्याच वर्गात मोडतात. घड्याळ न पाहता दिवस काढणाऱ्या शेतकऱ्याने सांगितलेल्या वेळेत तास-दीड तासाचे अंतर पडणे ही विसंगती आहे. परंतु पाठीवरचा वळ तिच्यामुळे पुसला जात नाही. 1976 साली सर्वोच्च न्यायालयाने समन्स काढल्याचा हुकूम कोणत्या परिस्थितीत रद्द करता येतो हे सांगताना, आरोप उघडउघड हास्यास्पद व स्वभावतःच असंभाव्य असावेत, इतके की कोणताही विचारी मनुष्य पुढे जाण्यास कारण आहे असे म्हणू शकणार नाही, अशी कसोटी घालून दिली. काढून टाकण्याच्या हुकुमालाही हीच कसोटी उलट बाजूने लावून पाहावी, असे मला वाटते.

तिसरे कारण पोलिसी अहवालाचे, आणि ते सर्वांत नाजूक. येथे दोन निर्णय शेजारी शेजारी ठेवून वाचावे लागतात. पहिला 1960 सालचा, मुंबईच्या एका प्रकरणातील. गोळी लागून एक मनुष्य मरण पावला होता व खुनाची फिर्याद प्रेसिडेन्सी मॅजिस्ट्रेटपुढे आली होती. चौकशीअंती गोळी आत्मसंरक्षणार्थ झाडली असे निष्पन्न झाले आणि मॅजिस्ट्रेटने फिर्याद काढून टाकली. मुंबई उच्च न्यायालयाने तो हुकूम रद्द करून समन्स काढण्यास सांगितले. सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयाचा हुकूम फिरवून मॅजिस्ट्रेटचा कायम केला. चौकशीत जमलेल्या पुराव्यावरून अपवाद शाबीत होतो अशी मॅजिस्ट्रेटची खात्री पटली, तर त्या टप्प्यावरही फिर्याद काढून टाकण्यास प्रत्यवाय नाही, असे त्याचे तात्पर्य. दुसरा 1963 सालचा, मूळचे अमरावतीचे न्यायमूर्ती ज. र. मुधोळकर यांनी लिहिलेला. त्यात असे ठरले, की या चौकशीत आरोपी हजर राहून काय चालले आहे ते पाहू शकतो, पण भाग घेऊ शकत नाही. त्याच्या सांगण्यावरून साक्षीदाराला प्रश्न विचारण्याचा अधिकार मॅजिस्ट्रेटला नाही. आणि प्रश्न एवढाच असतो की पुढे जाण्यास पुरेसे कारण आहे काय, शिक्षेस पुरेसे कारण आहे काय हा नव्हे. आरोपीजवळ बचाव असेल तर तो त्याने योग्य वेळी, योग्य न्यायालयापुढे मांडावा.

हे दोन निर्णय परस्परविरोधी आहेत असे मानून सोयीचा तेवढा उचलण्याची प्रथा वकिलांत आहे. ती मला मान्य नाही. पहिल्यात चौकशीच्या सामग्रीतून अपवादाची खात्री पटलेली होती. दुसऱ्यात बचाव हा बचाव म्हणूनच उंबरठ्यावर आणला जात होता. हवालदाराच्या अहवालात जेव्हा विरुद्ध बाजूचे चार जबाब जोडलेले असतात आणि त्यांच्या जोरावर 'तथ्य आढळून आले नाही' असे लिहिलेले असते, तेव्हा तो अहवाल म्हणजे पोलिसांच्या हस्ताक्षरातील आरोपीची कैफियतच असते. शपथेवर दिलेल्या साक्षीच्या विरुद्ध पारड्यात शपथेवाचून घेतलेले जबाब टाकून फिर्याद अविश्वसनीय ठरवणे हा 1963 च्या निर्णयाचा भंग होय, आणि सत्र न्यायाधीशाने तो तेवढ्याच कारणासाठी दुरुस्त करावा.

आता मी या ग्रंथातील मुख्य म्हणण्याकडे येतो. साक्षीदाराच्या विश्वासार्हतेविषयी खालच्या न्यायालयाचे मत वरिष्ठ न्यायालयाने सहसा ढवळू नये, असा एक मान्य दंडक आहे, आणि त्याचे कारण सर्वपरिचित आहे : खालच्या न्यायाधीशाने साक्षीदार डोळ्यांनी पाहिला, त्याचा स्वर ऐकला, उलटतपासणीत तो कोठे अडखळला हे टिपले, वरच्या न्यायालयापुढे मात्र कागद आहे. खटल्याअंती झालेल्या निकालाला हा दंडक यथार्थपणे लागू पडतो. परंतु फेटाळलेल्या फिर्यादीत उलटतपासणी झालेलीच नसते. गर्दीच्या बोर्डावर, जामिनाचे अर्ज आणि रिमांड यांच्या मधल्या फटीत, फिर्यादीचा जबाब काही मिनिटांत उतरवून घेतलेला असतो. पुष्कळदा फिर्यादीतील मजकूरच थोड्या फरकाने पुन्हा टंकलेला असतो. साक्षीदाराला खुलाशाचा प्रश्न कोणी विचारलेला नसतो. या स्थितीत मॅजिस्ट्रेटपुढे जे होते ते जवळजवळ सगळेच पुनरीक्षण न्यायालयापुढे असते. तेव्हा प्रत्यक्ष दर्शनाच्या नावाने जी आदरबुद्धी दाखवावयाची तिला येथे फारसा आधार उरत नाही, आणि तिची जागा कारणांनी घ्यावी लागते. मॅजिस्ट्रेटने लिहिलेली कारणे जितकी सविस्तर, पुराव्याला भिडणारी, तितका त्याच्या मताला मान. ती जितकी साचेबंद, तितकी फेरतपासणी अधिक बारकाईची. निर्णय देताना हे प्रमाण मनात बाळगणारे सत्र न्यायाधीश मी पाहिले आहेत, आणि त्यांच्याविषयी मला नितांत आदर आहे.

साक्षीच्या भाषेचा प्रश्नही याला लागूनच आहे. महाराष्ट्रातील दुय्यम न्यायालयांची भाषा मराठी ठरली, तरी अहिराणी किंवा झाडीबोली बोलणाऱ्या बाईची हकीकत कागदावर उतरताना प्रमाण मराठीत येते, आणि प्रकरण उच्च न्यायालयात गेले की तिचे इंग्रजी भाषांतर होते. 'त्यानं हात धरला अन् वढलं' या वाक्याचे एका ठिकाणी 'हात पकडला', दुसऱ्या ठिकाणी 'ओढून नेण्याचा प्रयत्न केला', आणि फिर्यादीत वकिलाच्या लेखणीतून 'विनयभंग केला' असे तीन अवतार झाले, म्हणजे हुकुमात लिहिले जाते की फिर्यादीच्या कथनात एकवाक्यता नाही. बाईने एकच गोष्ट तीनदा सांगितलेली असते. म्हणून पुनरीक्षण अर्जासोबत मूळ जबाबाची नक्कल वाचल्यावाचून विसंगतीच्या मुद्द्यावर युक्तिवाद करू नये, आणि न्यायालयानेही खालचे दफ्तर मागवल्यावाचून त्या मुद्द्यावर निर्णय देऊ नये, असा माझा आग्रह आहे.

इतके म्हटल्यावर पुनरीक्षणाच्या मर्यादाही तितक्याच स्पष्टपणे मांडल्या पाहिजेत. वरिष्ठ न्यायालय हुकुमाची शुद्धता, वैधता, औचित्य आणि कामकाजाची नियमितता पाहते. आपले मत वेगळे पडले एवढ्यावरून ते हुकूम फिरवू शकत नाही. फिर्याद चुकीने काढून टाकली असे आढळल्यास ते अधिक चौकशीचा हुकूम करते; आरोपी दोषी आहे असे सुचवणारा एक शब्दही त्या हुकुमात येता कामा नये, अन्यथा खालच्या न्यायालयाचे हात बांधले जातात. फिर्याद काढून टाकणे म्हणजे निर्दोष सुटका नव्हे, हे संहितेनेच सांगितले आहे. म्हणून सुटकेविरुद्धच्या पुनरीक्षणाला 1951 पासून जी अत्यंत कडक बंधने घातली गेली ती येथे जशीच्या तशी आणू नयेत. परंतु दुसऱ्या बाजूला एक माणूस आहे, ज्याचे दैनंदिन जीवन या फिर्यादीमुळे पुन्हा विस्कळीत होणार आहे. 2012 साली सर्वोच्च न्यायालयाने ठरवले, की मॅजिस्ट्रेटपुढे ज्याला बोलण्याचा अधिकार नव्हता, त्यालाही पुनरीक्षणात आपले म्हणणे मांडण्याचा अधिकार आहे, कारण त्याच्या बाजूचा हुकूम आता त्याच्याविरुद्ध फिरवला जाणार असतो. हा निर्णय न्याय्य आहे. नोटिशीवाचून फिरवलेला हुकूम टिकत नाही, आणि टिकूही नये. नवी फिर्याद करण्याचा मार्गही सर्वस्वी बंद नाही. तथापि 1961 च्या निर्णयाप्रमाणे उघड चूक, न्यायाची ढळढळीत हानी, किंवा योग्य दक्षता घेऊनही पूर्वी हाती न आलेली नवी वस्तुस्थिती, अशा अपवादात्मक परिस्थितीतच तो खुला होतो.

पोलिसांकडे नोंदल्या गेलेल्या गुन्ह्यांचा मार्ग वेगळा आहे, आणि या ग्रंथात त्याला एकच प्रकरण दिले आहे. जुन्या मुंबई इलाख्यातून आलेली 'ए', 'बी' आणि 'सी' समरीची पद्धत, म्हणजे गुन्हा खरा पण तपास न लागलेला, खोडसाळपणे खोटा, आणि गैरसमजुतीतून किंवा दिवाणी स्वरूपाच्या वादातून आलेला, ही आजही आपल्या ठाण्यांत चालू आहे. तपासाचा असा अहवाल स्वीकारण्यापूर्वी खबर देणाऱ्याला नोटीस देऊन त्याचे ऐकून घ्यावे, हे सर्वोच्च न्यायालयाने 1985 साली ठरवून दिले.

खाजगी फिर्यादीचा अधिकार कशासाठी जपावयाचा, याविषयी शंका असणाऱ्यांनी 1984 सालचा घटनापीठाचा निर्णय वाचावा. अ. र. अंतुले यांच्याविरुद्ध रामदास नायक यांनी केलेल्या खाजगी फिर्यादीतून तो उद्भवला. त्या आरोपांच्या गुणदोषांशी येथे कर्तव्य नाही. परंतु कायद्याने स्पष्ट मनाई केली नसेल तेथे कोणीही नागरिक फौजदारी कायदा गतिमान करू शकतो, हे तत्त्व त्यात निःसंदिग्धपणे मांडले गेले. माजी मुख्यमंत्र्यांविरुद्ध वापरला गेलेला हा अधिकार वस्तीवरच्या मजुरालाही आहे, आणि तो मला फार मोलाचा वाटतो.

नव्या संहितेतील बदल आता सांगतो. कलम 223 च्या परंतुकाने, आरोपीला म्हणणे मांडण्याची संधी दिल्यावाचून मॅजिस्ट्रेटने फिर्यादीची दखल घेऊ नये, असे घातले आहे. 1963 च्या निर्णयाने जो उंबरठ्याबाहेर उभा होता तो आता आत आला आहे. तो काय बोलू शकेल, किती बोलू शकेल, स्वतःचे कागद रुजू करू शकेल काय, आणि त्याने रुजू केलेल्या कागदांच्या आधारे फिर्यादीचा पुरावा अविश्वसनीय ठरवला तर पुनरीक्षण न्यायालयाने तो हुकूम कोणत्या कसोटीवर घासावा, हे प्रश्न आता उच्च न्यायालयांपुढे येत राहणार. माझे मत असे, की त्याला मिळालेली संधी ही कायद्याच्या अडथळ्यांविषयी बोलण्याची आहे : मुदत, अधिकारक्षेत्र, पूर्वमंजुरी, फिर्याद जशीच्या तशी खरी मानली तरी गुन्हा होत नाही हे म्हणणे. साक्षीदार खोटे बोलतो हे म्हणण्याची ती जागा नव्हे. त्यासाठी साक्षीदाराला पिंजऱ्यात उभे करून प्रश्न विचारावे लागतात. शेवटच्या तीन प्रकरणांत हे मत मी आधारांसह मांडले आहे, आणि विरुद्ध मताचे युक्तिवादही पूर्णपणे दिले आहेत.

परिशिष्टांत पुनरीक्षण अर्जाचा मराठी नमुना, रोजनामा व जबाबांच्या नकला मागण्याचा अर्ज, आणि मुदत उलटल्यास विलंबमाफीच्या अर्जाचा नमुना दिला आहे. जे वकील करू शकत नाहीत त्यांच्यासाठी एक गोष्ट येथेच सांगून ठेवतो. 1987 च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाखाली स्त्रिया, मुले, अनुसूचित जाती-जमातींतील व्यक्ती आणि कोठडीतील माणसे यांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळू शकतो, आणि ही मदत पुनरीक्षण अर्जालाही लागू आहे. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचे कार्यालय बहुधा जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असते. हुकुमाची नक्कल हाती येताच, 90 दिवसांतील पहिल्याच आठवड्यात, तेथे जावे.